ग्रेग नॉल आणि मोठ्या लाटांचे सिनेमे : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मोठ्या लाटांवरच्या सर्फिंगचे व्हिडिओ आता सगळ्यांच्याच मोबाइलवर येतात. पोर्तुगालच्या नाझारे गावाच्या दीपगृहामागून उठणारी ती डोंगराएवढी लाट बघितली नाही असा माणूस सापडणं कठीण. पण हे शूट करायला सुरुवात कोणी केली, कशावर केली, पैसे कुठून आणले असं विचारलं की सगळे गप्प. मला या विषयाचं वेड ग्रेग नॉलमुळे लागलं, आणि ओळखीतले लोक जे प्रश्न परत परत विचारतात त्यांची उत्तरं एकदाच नीट लिहून ठेवतोय.

ग्रेग नॉल म्हणजे नक्की कोण?

अमेरिकन सर्फर, जन्म १९३७ चा, सॅन डिएगोचा, पण वाढला लॉस एंजेलिसजवळच्या मॅनहॅटन बीचला. लहानपणीच पाण्यात उतरला, पोरवयातच सर्फबोर्ड म्हणजे लाटेवर उभं राहायची फळी घडवायला शिकला, आणि शाळा संपायच्या आधीच हवाईला मकाहाला जाऊन राहिला, उरलेली शाळासुद्धा तिथेच पूर्ण केली. अंगाने आडदांड, लाटेत शिरताना मागेपुढे न बघणारा, म्हणून हवाईच्या बोलीत त्याला 'डा बुल' म्हणायचे, बैल. २०२१ मध्ये ८४ व्या वर्षी गेला.

तो सर्फर होता की सिनेमावाला?

दोन्ही, आणि बोर्ड बनवणारा कारागीर पण. १९५० च्या दशकाच्या शेवटापासून त्याने 'सर्च फॉर सर्फ' नावाची सर्फिंगच्या फिल्म्सची मालिकाच काढली. लोक त्याला मोठ्या लाटा घेणारा म्हणून ओळखतात आणि फिल्म्सचं नाव शेवटी एका ओळीत उरकतात, मला हे अजिबात पटत नाही. तो आणि त्याचे साथीदार कॅमेरा घेऊन गेले नसते तर १९५७ ते १९६० च्या आसपासचा नॉर्थ शोर, म्हणजे हवाईतल्या ओआहू बेटाचा उत्तर किनारा, कसा दिसायचा, कोण कुठल्या बोर्डवर कसा उभा राहायचा, हे आज आपल्याला फक्त ऐकून माहीत असतं.

या फिल्म्समध्ये गोष्ट असते का? हिरो-हिरॉइन वगैरे?

नाही हो. लाटा, पोरं, गाडीच्या टपावर बांधलेले बोर्ड, किनाऱ्यावरची मस्ती, परत लाटा. सुरुवातीच्या बऱ्याचशा सर्फ फिल्म्स मूक शूट व्हायच्या, आवाज रेकॉर्ड करायची सोयच नव्हती. म्हणून फिल्म बनवणारा स्वतः हॉलमध्ये पडद्याशेजारी उभा राहून माइकवर बोलायचा, टेपवर गाणी लावायचा, आणि समोर बसलेली पोरं प्रत्येक मोठ्या लाटेला ओरडून हॉल डोक्यावर घ्यायची. आपल्याकडे जत्रेत तंबूत सिनेमा लागायचा तेव्हा जसं वातावरण असायचं ना, पडद्यावरच्यापेक्षा जास्त गंमत खाली, तसंच काहीसं. थिएटर नाही, वितरक नाही. शाळेचा हॉल भाड्याने घ्यायचा, पोस्टर स्वतः चिकटवायची, तिकिटं दारात उभं राहून स्वतःच फाडायची, आणि जमलेल्या पैशात पुढच्या हिवाळ्याचं हवाईचं तिकीट काढायचं.

नॉलच्या आधी कोणी असं केलं नव्हतं?

केलं होतं, आणि त्याचं नाव घेतल्याशिवाय पुढे जाणं बरोबर नाही. बड ब्राउन. जन्म १९१२, विद्यापीठाच्या पोहण्याच्या टीमचा कॅप्टन, मग व्हेनिस बीचवर लाइफगार्ड, मग शाळामास्तर. सुट्टीत हवाईला जाऊन शूट करायचा, आणि १९५३ मध्ये सँटा मोनिकातल्या एका शाळेच्या हॉलमध्ये ६५ सेंट तिकीट लावून त्याने आपली फिल्म दाखवली. सर्फिंगचा सिनेमा तिकीट लावून दाखवायची प्रथा तिथूनच सुरू झाली असं मानतात. पुढे मास्तरकी सोडली आणि जवळजवळ दरवर्षी एक फिल्म काढत राहिला. तो कॅमेऱ्याला पाणी लागू नये म्हणून खास पेटी वापरायचा आणि पायात फिन्स म्हणजे पोहायचे रबरी पंजे घालून थेट लाट फुटते तिथे पोहत जाऊन शूट करायचा, बोर्ड नाही काही नाही. साठी उलटल्यावरसुद्धा तो नॉर्थ शोरच्या पाण्यात कॅमेरा घेऊन होता. माझ्या मते लाटेवर उभं राहणाऱ्याइतकाच, काही दिवशी त्याहून जास्त जिगरबाज माणूस हा, कारण सर्फर निदान लाटेच्या पुढे पळतो, हा तिच्या वाटेत थांबायचा.

नॉल, जॉन सेव्हरसन, ब्रूस ब्राउन ही सगळी पुढची फळी. सेव्हरसनने तर १९६० मध्ये आपल्या फिल्मची जाहिरात म्हणून एक पुस्तिका छापली आणि तीच पुढे 'सर्फर' मासिक झाली, जे कित्येक दशकं चाललं.

शूट कशावर करायचे? तेव्हा ड्रोन-बिन तर नव्हतेच

१६ मिलिमीटरचे फिल्म कॅमेरे, बरेचसे चावीचे. हे जरा नीट सांगतो, कारण हे कळलं की त्या फिल्म्स बघायची नजरच बदलते.

कॅमेऱ्याच्या कुशीला एक चावी असते, घड्याळासारखी. ती करकर फिरवून स्प्रिंग भरायची. एकदा पूर्ण भरली की साधारण अर्धा मिनिट फिल्म पळते, मग कॅमेरा थांबतो, परत चावी. आत १०० फुटांचं रीळ, ते नेहमीच्या वेगाने म्हणजे सेकंदाला २४ फ्रेमने पावणेतीन मिनिटांत संपतं. आणि लाट संथ, जड, भारदस्त दिसायला हवी तर वेग वाढवावा लागतो, ६४ फ्रेमवर घेतलं तर तेच रीळ एका मिनिटात खलास. मग किनाऱ्यावर वाळूत बसून, अंगावर टॉवेल नाहीतर काळं कापड घेऊन, उजेड लागू न देता नवीन रीळ घालायचं, आणि नेमकी त्याच वेळी दिवसातली सगळ्यात मोठी लाट येऊन जायची.

म्हणजे प्रश्न काय असायचा, तर बटण दाबायचं कधी. मोठ्या लाटा एकट्या येत नाहीत, तीन-चार-पाचचा झुबका येतो, त्याला सेट म्हणतात, आणि दोन सेटमध्ये कधी दहा मिनिटं जातात कधी वीस. क्षितिजावर आधी एक काळपट रेघ दिसते, मग दुसरी, आणि त्यातली कुठली उभी राहणार, कुठे फुटणार, कोणता पोरगा ती पकडायला योग्य जागी बसलाय, हे ज्याने स्वतः तिथे गटांगळ्या खाल्ल्यात त्यालाच किनाऱ्यावरून कळतं. नवख्याने शूट केलं तर कॅमेरा सुरू होईपर्यंत लाट संपलेली, नाहीतर सगळी फिल्म लहान लाटांवर गेलेली. म्हणूनच हे काम सर्फर लोकांनी केलं, आणि नॉलच्या फिल्म्स कितीही हलत्या, ओबडधोबड वाटल्या तरी त्यात कॅमेरा बरोबर जागी वळलेला असतो.

तो स्वतः लाटेवर असताना शूट कोण करायचं?

मित्र. आज तू पाण्यात, मी कॅमेऱ्यावर, असंच चालायचं. त्या काळी नॉर्थ शोरवर हिवाळ्यात राहणारी ही मंडळी मूठभर होती, एका घरात दाटीवाटीने राहायचे, मासे मारून खायचे, आणि सगळे सगळ्यांना ओळखायचे.

१९५७ मध्ये नॉर्थ शोरवरच्या वायमेआच्या खाडीत काय झालं होतं? प्रत्येक जण तेच सांगतो

सांगतात कारण तो दिवस तसाच आहे. पण आधी १४ वर्षं मागे जावं लागेल.

डिसेंबर १९४३. वुडी ब्राउन आणि डिकी क्रॉस नावाचे दोघं नॉर्थ शोरवरच्याच सनसेट बीचला पाण्यात उतरले. समुद्र एकाएकी वाढला, परत यायची वाटच बंद झाली. मग ते किनाऱ्याला समांतर वल्हवत वायमेआच्या खाडीपर्यंत गेले, कारण तिथे मध्ये पाणी खोल, म्हणजे तिथून तरी आत शिरता येईल असं वाटलं. संध्याकाळ झाली, खाडीचं तोंडही लाटांनी बंद. वुडी ब्राउन कसाबसा किनाऱ्याला लागला. क्रॉस १७ वर्षांचा होता, तो परत कधीच दिसला नाही.

तेव्हापासून त्या खाडीची दहशत बसली. वर टेकडीवर हवाईयन लोकांचं जुनं देवस्थान आहे, त्यावरूनही बऱ्याच गोष्टी सांगायचे. पोरं गाडी थांबवून रस्त्यावरून बघायची आणि निघून जायची. ७ नोव्हेंबर १९५७ ला नॉल, त्याचा दोस्त माइक स्टँग आणि बाकीची काही मंडळी तिथे उतरली. त्या दिवशी पहिली लाट नेमकी कोणी घेतली यावर आजही वाद आहे आणि तो मिटेल असं वाटत नाही. पण दिवस संपला तेव्हा सगळे जिवंत होते, आणि तिथे सर्फिंग होऊ शकतं हे कळलं होतं. त्यांचे बोर्ड त्या लाटेसाठी बनलेलेच नव्हते. मग पुढच्या काही वर्षांत मोठ्या लाटेसाठी लांब, निमुळते बोर्ड आले, त्यांना 'गन' म्हणतात.

एक गोष्ट लक्षात घ्या, बोर्ड पायाला बांधायची दोरी १९७० च्या दशकात आली. म्हणजे हे लोक पडले की बोर्ड गेला, आणि मग त्या पाण्यातून पोहत बाहेर. फुगणारं जॅकेट नाही, जेटस्की नाही, वाचवायला कोणी येणार नाही.

'२० फुटी लाट' म्हणतात पण व्हिडिओत तर ती ४० फुटी दिसते, हा काय प्रकार?

हवाईची मोजायची पद्धत वेगळी. तिथे जुने लोक लाट ढोबळमानाने मागच्या बाजूने मोजतात, समोरून दिसणारी भिंत साधारण दुप्पट असते. त्यामुळे हवाईचा माणूस '२० फूट' म्हणाला तर समोरून ३५-४० फूट समजा. जुन्या फिल्म्सची माहिती वाचताना हे डोक्यात ठेवा, नाहीतर वाटेल यात काय विशेष.

लाटा हवाईतच एवढ्या का? आपल्या कोकणात का नाहीत?

उत्तर पॅसिफिकमध्ये हिवाळ्यात अल्यूशियन बेटांच्या बाजूला मोठमोठी वादळं होतात. त्यांनी उठवलेल्या लाटा हजारो किलोमीटर मोकळ्या समुद्रातून येतात, येता येता नीट रांगेत लागतात, आणि हवाई बेटांभोवती रुंद उथळ पठार नसल्यामुळे जोर कमी न होता एकदम खडकावर आदळतात. आपल्या पश्चिम किनाऱ्यासमोर उलटं आहे, उथळ पठार लांबवर पसरलंय, मुंबईसमोर तर शेकडो किलोमीटर, त्यामुळे लाट तळाला घासत घासत येते आणि दमते. शिवाय आपला मोठा समुद्र पावसाळ्यात, तोही वाऱ्याने ढवळलेला, गढूळ, कुठूनही कसाही उसळणारा.

माझं आजोळ वेंगुर्ल्याकडचं. आषाढात खडपावर उभं राहून ते उधाण बघितलंय, आजी हात धरून मागे ओढायची. त्या समुद्रात ताकद प्रचंड असते पण त्याला आकार नसतो, आणि सर्फिंगला आकार लागतो. जून-जुलैत होड्या वर ओढलेल्या असतात त्या काही उगाच नाही, तेव्हा कोणी बोर्ड घेऊन उतरायचं धाडस करू नका, अगदी कळकळीने सांगतोय. बाकी गोव्यात, कर्नाटकात मुल्कीला, तमिळनाडूत कोवलमला सर्फिंग शिकवतात, शिकणाऱ्यांसाठी लाटा छान आहेत, तिथे प्रशिक्षकाबरोबर जा.

ती काळी-पांढरी पट्ट्यांची चड्डी काय भानगड आहे?

कैद्यांच्या कपड्यांसारखे पट्टे, म्हणून 'जेलहाउस' चड्डी म्हणायचे. नॉल कायम तीच घालायचा. मला यात सिनेमावाल्याचं डोकं दिसतं. लांबून शूट केलं की लाटेवर सगळे मुंगीएवढे, कोण कुठला ओळखू येत नाही, पण हे पट्टे कुठूनही ओळखू येतात.

याचा पुढे एक मजेशीर उपयोग झाला. १९६४ मध्ये हॉलीवूडने हवाईतल्या मोठ्या लाटांवर एक सिनेमा काढला, त्यात एका नटाच्या जागी पाण्यातली दृश्यं नॉलची होती. मग त्या नटालाच नॉलसारखी पट्टेरी चड्डी घालावी लागली, म्हणजे दोघं एकच वाटतील.

आणि तो प्रसिद्ध फोटो?

१९६४, पाइपलाइन ही नॉर्थ शोरवरची लाटेची जागा, फोटो जॉन सेव्हरसनचा. नॉल आपल्याकडे पाठ करून वाळूत उभा आहे, पट्टेरी चड्डी, शेजारी बोर्ड उभा धरलेला, आणि समोर पांढऱ्या पाण्याची भिंत. चेहरा दिसत नाही. मी हा फोटो मोठा करून कितीदा बघितलाय, दर वेळी नजर त्याच्या पाठीवर जाते. तो थांबलाय. अजून निघालेला नाही. त्याच हंगामात त्याने पाइपलाइनच्या बाहेरच्या खडकावर फुटणारी लाट घेतली, ती त्याआधी कोणी घेतली नव्हती असं मानतात.

सर्फिंगच्या हजारो फोटोंमध्ये माणूस लाटेवर असतो. यात तो अजून जमिनीवर आहे, आणि तरी मोठ्या लाटेबद्दल याहून जास्त सांगणारा फोटो मला माहीत नाही. काढणारा स्वतः सर्फर असल्याशिवाय हा क्षण टिपायचा हे सुचलंच नसतं, बाकीच्यांनी तो पाण्यात जायची वाट बघितली असती.

त्याची सगळ्यात मोठी लाट कुठली?

४ डिसेंबर १९६९, मकाहा. त्या आठवड्यात हवाईवर असा समुद्र आला होता की नॉर्थ शोरवर पाणी घरांत शिरलं, रस्ते बंद, लोकांना हलवावं लागलं. तिकडे सर्फिंग शक्यच नव्हतं म्हणून नॉल पश्चिम किनाऱ्यावर मकाहाला गेला. बराच वेळ पाण्यात बसून विचार केला, जावं की नाही. मग एक लाट घेतली, खाली उतरला, पुढे सगळी भिंत एकदम कोसळायला लागली तेव्हा बोर्ड सोडून पाण्यात गेला, आणि नंतर प्रवाहाशी झगडत कसाबसा किनाऱ्याला लागला. तिथला जुना लाइफगार्ड बफेलो केआउलाना किनाऱ्यावरून त्याच्यावर नजर ठेवून होता. त्या वेळी ही आजवरची सगळ्यात मोठी लाट असं अनेकांनी मानलं आणि ते मत पुढे बरीच वर्षं टिकलं. त्यानंतर नॉलचं मोठ्या लाटांवर जाणं कमी कमी होत गेलं.

मकाहाच्या त्या लाटेचं फुटेज कुठे मिळेल?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, आणि उत्तर ऐकून लोक नाराज होतात. त्या राइडचं नीट चित्रण आपल्याकडे नाही. ती लाट आजपर्यंत आली ती त्याच्या आणि किनाऱ्यावरच्या लोकांच्या सांगण्यातून. ज्याने इतरांच्या लाटा रिळांवर रिळं भरून ठेवल्या त्याचीच ही लाट पडद्यावर नाही, याचं मला आधी फार वाईट वाटायचं. आता तेवढं वाटत नाही. त्या दिवशी तो दाखवायला गेला नव्हता, आणि समुद्र त्या आकाराचा असताना किनाऱ्यावरच्या लोकांचं लक्ष कॅमेऱ्याकडे नसणं हे मला माणुसकीचंच वाटतं.

मग ती किती फुटी होती हे कशावरून ठरवायचं?

नाही ठरवता येत. ३०-३५ फूट वगैरे आकडे सांगतात ते अंदाज आहेत आणि तेही हवाईच्या मापात. मी आकड्यावर भांडत नाही.

आता परिस्थिती एकदम वेगळी आहे. आज लाट मोजतातच फोटो आणि व्हिडिओवरून, लाटेवरच्या माणसाची उंची धरून. पोर्तुगालच्या नाझारेला किनाऱ्याजवळ समुद्रतळात एक प्रचंड दरी आहे, सुमारे २३० किलोमीटर लांब, तिच्यामुळे लाटेचा जोर किनाऱ्यापर्यंत टिकतो. तिथे २०११ मध्ये गॅरेट मॅकनमाराने ७८ फुटी लाट घेतली, २०१७ मध्ये रॉड्रिगो कोशाने ८० फुटी, २०२० मध्ये सेबास्टियन स्टॉइटनरने ८६ फुटी, आणि त्याच वर्षी माया गबेराने ७३.५ फुटी, महिलांमध्ये विक्रम. हे सगळे आकडे उभे राहिले कारण कड्यावर, किल्ल्याच्या भिंतीपाशी कॅमेरेवाले थंडीवाऱ्यात तासन्‌तास उभे होते. चित्रण नाही तर विक्रम नाही, आता असा हिशोब आहे.

आताचे लोक जेटस्कीने ओढून घेऊन जातात, मग नॉलच्या काळचं जास्त अवघड का?

तुलना करू नये असं माझं मत आहे. हाताने वल्हवून जितक्या वेगाने जाता येतं त्यापेक्षा लाट जास्त वेगाने पळत असेल तर ती पकडताच येत नाही. म्हणून १९९० च्या दशकात लेअर्ड हॅमिल्टन हा सर्फर आणि त्याच्या साथीदारांनी ओढून नेण्याची पद्धत रुळवली आणि माउई बेटावरच्या पेआहीच्या लाटा आवाक्यात आल्या. आता काही जण परत हातानेच वल्हवत तिथे जातात. धोका दोन्हीकडे खरा आहे. १९९४ मध्ये कॅलिफोर्नियात मॅव्हरिक्सला मार्क फू गेला, हवाईत नाव कमावलेला अनुभवी माणूस, आणि ज्या लाटेवर तो पडला ती त्या ठिकाणच्या मानाने फार मोठीही नव्हती.

नंतर नॉलचं काय झालं?

हर्मोसा बीचला त्याचा बोर्डचा मोठा कारखाना होता, १९६० च्या दशकात जोरात चालायचा. १९७० च्या सुरुवातीला तो बंद केला आणि कॅलिफोर्नियाच्या पार उत्तरेला क्रेसेंट सिटीला जाऊन मासेमारी करायला लागला. बरीच वर्षं खरोखर कोळ्याचं आयुष्य. पुढे लोकांना परत त्याची आठवण झाली, तेव्हा जुन्या पद्धतीचे लाकडी बोर्ड हाताने घडवायला लागला आणि संग्राहक ते घ्यायला लागले. २००४ मध्ये स्टेसी पेराल्टाचा 'रायडिंग जायंट्स' हा माहितीपट अमेरिकेतल्या सनडान्स चित्रपट महोत्सवात उद्घाटनाला दाखवला, त्यात वायमेआ आणि मकाहा नॉल स्वतः सांगतो.

सुरुवात कुठून करू?

आधी 'रायडिंग जायंट्स' बघा, म्हणजे माणसं आणि जागा ओळखीच्या होतील. मग नॉल आणि बड ब्राउनचं जुनं फुटेज जिथे मिळेल तिथे बघा. कोणीतरी वर नवीन संगीत चढवलेलं असेल तर आवाज बंद करा. लाटेवरच्या माणसाकडे लगेच बघू नका, आधी कॅमेरा कुठे वळतो ते बघा, कारण तो लाट उठायच्या आधीच तिकडे वळलेला असतो.